कापूस वेचणाऱ्या पोरीची उंच उडी

(प्रभागसंघाच्या वार्षिक सर्वसाधारण सभेत शाळेच्या क्रीडाशिक्षिका बाईंनी केलेलं भाषण. मोबाईलवरच्या ध्वनिमुद्रणावरून लिहून काढलं आहे.)



जमाखर्च वाचून झाला, थकीत कर्जाचा विषय झाला, आता जेवण व्हायला अर्धा तास आहे म्हणून मला उभं केलंय. अध्यक्षताईंनी बजावलंय, मॅडम, भाषणासारखं बोलू नका, गोष्ट सांगा. तर गोष्टच सांगते. पण ती का सांगतेय ते आधी ऐका.

गेल्या वर्षी आपल्याच भागातली नववीतली एक मुलगी तालुक्याच्या शालेय स्पर्धेत उंच उडीत पहिली आली. 1 मीटर 30 सेंटिमीटर. बूट नाहीत, नीट सराव नाही, वाळूच्या खड्ड्यात निम्मी माती. तरी पहिली. जिल्ह्याला जायचं होतं, मी फॉर्म भरला. आणि आदल्या दिवशी घरून निरोप आला, ती येणार नाही. का, तर पुढे जाऊन आखूड चड्डी घालावी लागेल आणि एवढ्या लोकांसमोर ते बरं दिसत नाही. मुलीचं नाव घेणार नाही. तिच्या घरची माणसं इथे बसलेली असतील तर मी त्यांच्याकडे बघतसुद्धा नाहीये. मला राग आला होता, खोटं कशाला बोलू. पण राग गेल्यावर मला एक बाई आठवली. तिच्या बापाचंही अगदी हेच म्हणणं होतं.

तिचं नाव ॲलिस कोचमन. अमेरिकेतली. अमेरिका म्हटलं की आपल्याला उंच इमारती दिसतात, पण ही आपल्यासारख्याच गावातली. अमेरिकेच्या दक्षिण भागात जॉर्जिया नावाचं राज्य आहे, तिथे अल्बनी नावाचं गाव. जन्म 9 नोव्हेंबर 1923 चा. दहा भावंडं, त्यात ही पाचवी. वडील भिंतींना गिलावा करायचे, म्हणजे आपल्याकडचं गवंडीकामच. पोटाला पुरायचं नाही म्हणून पोरांनी कामं करायची. ही कापूस वेचायला जायची. हातात किती काटे जातात ते तुम्हाला मी सांगायला नको.

आणि ही काळ्या लोकांतली. त्या काळी तिकडे गोरे आणि काळे यांची शाळा वेगळी, बसमधली जागा वेगळी, पाणी प्यायचा नळसुद्धा वेगळा. चवदार तळ्याची गोष्ट आपण ऐकत आलोय, त्यामुळे हे समजायला आपल्याला फार वेळ लागत नाही. जोतिबांनी 1873 साली ‘गुलामगिरी’ लिहिलं, ते अमेरिकेतल्या गुलामांच्या सुटकेसाठी झटलेल्या लोकांनाच अर्पण केलं होतं. गुलामगिरी कायद्यानं संपली, पण वागणं संपलं नव्हतं. गावात खेळाचं मैदान होतं, पण ते गोऱ्यांसाठी. काळ्या पोरीला तिथे पाऊल टाकायची सोय नव्हती.

मग ही काय करायची? कच्च्या रस्त्यावर अनवाणी पळायची. दोन बाजूंना दोरी बांधायची, नाहीतर काठी आडवी ठेवायची, चिंध्या बांधून उंची करायची, आणि त्यावरून उडी. उंच उडी लावायला काय लागतं हो? अडथळा लागतो, आणि तो तिच्या आयुष्यात भरपूर होता.

वडिलांना हे पसंत नव्हतं. पोरीनं ओट्यावर नीट बसावं, पोरांत उंडारू नये. ती ऐकायची नाही, पळून जायची, आणि मारही खायची. त्या माणसाला मी लगेच वाईट ठरवणार नाही. काळ्या पोरीला बाहेर काय काय सोसावं लागतं हे त्याला ठाऊक होतं. आपल्या घरातही ‘नको’ म्हणणारी माणसं सगळी दुष्ट नसतात, घाबरलेली असतात. पण भीती त्यांची आणि पाय बांधले जातात पोरीचे, एवढं मात्र खरं.

आता बघा, या गोष्टीत दोन बायका येतात. एक तिची मावशी की आत्या, इंग्रजीत दोन्हीला एकच शब्द, त्यामुळे मला नक्की सांगता येत नाही. आपण मावशीच म्हणू. कॅरी स्प्राय तिचं नाव. दुसरी तिची पाचवीची शिक्षिका, कोरा बेली. या दोघींनी तिची बाजू घेतली. दोघींकडे पैसा नव्हता, सत्ता नव्हती. त्यांनी फक्त एवढंच केलं की पोरीला सांगत राहिल्या, तू चांगली आहेस, सोडू नकोस. आणि घरच्यांच्या नाराजीसमोर तिच्या बाजूनं उभ्या राहिल्या. जगज्जेत्यांच्या गोष्टीत अशा बायकांचं नाव एका ओळीत येतं आणि संपतं. मला ती ओळ मोठी वाटते.

माध्यमिक शाळेत गेल्यावर तिथल्या खेळाच्या मास्तरांनी तिला पाहिलं, शिकवलं. आणि 1939 साली, सोळाव्या वर्षी, तिला टस्कीगीहून बोलावणं आलं.

टस्कीगी हे नाव तुमच्यातल्या कुणीकुणी ऐकलं असेल. वीणा गवाणकरांचं ‘एक होता कार्व्हर’ आपल्या ग्रामपंचायतीच्या वाचनालयात आहे, पुठ्ठा फाटलाय पण आहे. भुईमुगावर संशोधन करणारे ते कार्व्हर ज्या संस्थेत आयुष्यभर राहिले, तीच ही टस्कीगी. काळ्या मुलामुलींना शिक्षण आणि हाताला काम देणारी संस्था. ॲलिस तिथे शिकायला गेली तेव्हा कार्व्हर अजून हयात होते.

घरच्यांनी आधी आढेवेढे घेतले, मग परवानगी दिली. शाळा सुरू व्हायच्या आधीच संस्थेनं तिला देशपातळीवरच्या स्पर्धेत उतरवलं. तिथे तिनं शाळा-कॉलेजच्या मुलींचे उंच उडीचे विक्रम मोडले. अनवाणी. पायात बूट नव्हते म्हणून नाही, सवयच नव्हती बुटांची.

शिष्यवृत्ती मिळाली, पण फुकट काही नव्हतं. त्या बदल्यात काम करायचं. खेळाच्या जागा झाडायच्या, साफ ठेवायच्या, आणि खेळाडूंचे फाटलेले गणवेश शिवायचे. शिवणकाम तिचा शिक्षणाचाच विषय होता, 1946 साली तिनं त्याची पदविका घेतली. म्हणजे देशातली सगळ्यात उंच उडी मारणारी बाई संध्याकाळी सुईदोरा घेऊन बसायची. आपल्या शिवणकाम गटातल्या ताया हसतायत बघा तिकडे. हसू नका, तुमच्याकडे मी शेवटी येणार आहे.

आता जरा खेळाचं सांगते, नाहीतर पुढची गंमत कळणार नाही. उंच उडीत दोन खांब आणि त्यावर एक आडवी काठी, नुसती टेकवलेली. धक्का लागला की पडते. एका पायावरूनच उडायचं, दोन्ही पाय जोडून उडी मारली तर बाद. प्रत्येक उंचीला तीन संधी. लागोपाठ तीनदा काठी पाडली की घरी. या खेळात एक अजब गोष्ट आहे. बाकी खेळात जिंकला तो जिंकून थांबतो. इथे जिंकणारीसुद्धा शेवटी काठी पाडूनच थांबते, कारण बाकी सगळ्या संपल्या तरी तिला आणखी वर लावून देतात. मुलींना मी हे पहिल्याच दिवशी सांगते, काठी पडली म्हणून रडायचं नाही, सगळ्यांचीच पडते.

तर ॲलिस 1939 मध्ये राष्ट्रीय विजेती झाली. 1940 मध्ये पुन्हा. 41, 42, 43... अशी 1948 पर्यंत लागोपाठ दहा वर्षं. शर्यतींत पळून जिंकली ती बक्षिसं वेगळीच. दहा वर्षं एका देशात एकाच बाईनं पहिला नंबर सोडला नाही. आपल्या गटात लागोपाठ दहा महिने हप्ता न चुकवणारीचं आपण कौतुक करतो, यावरून काढा अंदाज.

पण जगाला ती माहीतच नव्हती. कारण ऑलिम्पिक झालंच नाही. दुसरं महायुद्ध लागलं, 1940 चं रद्द, 1944 चंही रद्द. उडी मारणाऱ्या बाईची सोळा ते चोवीस ही वर्षं म्हणजे सगळं काही. तिची ती युद्धात गेली. तिनं कुणाचं काही बिघडवलं नव्हतं. पाऊस न पडलेल्या दोन खरिपांसारखं ते. शेतकऱ्यानं नांगरट चुकवली नव्हती, बियाणंही चांगलं होतं.

शेवटी 1948 साली लंडनला ऑलिम्पिक ठरलं. ती चोवीस वर्षांची होती आणि पाठ दुखत होती. जावं की नाही असं तिच्या मनात होतं. गेली. बोटीनं.

7 ऑगस्ट 1948. लंडनचं वेम्बली मैदान. एकेक जण गळत शेवटी दोघीच उरल्या. एक ॲलिस आणि दुसरी इंग्लंडची डोरोथी टायलर. ही डोरोथी कोण, ते सांगायलाच हवं. ती तेव्हा अठ्ठावीस वर्षांची, दोन मुलांची आई, युद्धात गाड्या चालवलेली. बारा वर्षांपूर्वी, 1936 च्या बर्लिन ऑलिम्पिकमध्ये, सोळाव्या वर्षी ती रौप्यपदक घेऊन आली होती. आणि कसं? तिघींनी सारखीच उंची पार केली होती, 1 मीटर 60. डोरोथीनं पहिल्याच प्रयत्नात. पण तेव्हाचा नियम असा की बरोबरी झाली तर पुन्हा उड्या मारायच्या. त्या जादा उड्यांत हंगेरीची मुलगी जिंकली. पहिल्या प्रयत्नाला किंमत नव्हती.

लंडनला काठी 1 मीटर 68 वर लावली. साडेपाच फुटांच्या थोडी वर. इथे भिंतीपाशी उभ्या राहा, आपल्यातल्या बहुतेक जणींच्या डोक्यावरून जाईल. आणि पलीकडे पडायला आत्तासारख्या जाड गाद्या नव्हत्या, वाळू होती. ॲलिस पहिल्या प्रयत्नात पलीकडे. डोरोथीनं एकदा काठी पाडली, दुसऱ्या प्रयत्नात पलीकडे. मग काठी 1 मीटर 70. दोघींनाही जमलं नाही. उंची सारखी. पण आता नियम बदललेला होता. कमी वेळा काठी पाडणारी पहिली. ॲलिसला सुवर्ण, डोरोथीला पुन्हा रौप्य. जो नियम 1936 ला असता तर डोरोथी जिंकली असती, तो 1948 ला आला आणि त्यानं तिला हरवलं. दोन्ही वेळा उडी पहिलीच्या बरोबरीची. मला ॲलिसएवढीच ही बाई आठवते, काय करू.

ॲलिस कोचमन ही ऑलिम्पिकमध्ये सुवर्णपदक मिळवणारी जगातली पहिली काळी स्त्री. त्या वर्षी धावणं-उड्या-फेकींच्या स्पर्धांत अमेरिकेच्या बायकांना सुवर्ण मिळालं ते हे एकच. पदक द्यायला कोण आलं? इंग्लंडचे राजे सहावे जॉर्ज. ज्यांचं राज्य आपल्यावरून वर्षापूर्वीच उठलं होतं, तेच. आणि पाच दिवसांनी त्याच मैदानावर स्वतंत्र भारतानं हॉकीत इंग्लंडला चार-शून्य हरवून आपलं पहिलं सुवर्ण घेतलं. त्याच ऑलिम्पिकला कराडजवळच्या गोळेश्वरचे खाशाबा जाधव कुस्तीत सहावे आले होते. पुढे 1952 ला हेलसिंकीला जायला पैसे कमी पडले तेव्हा गावानं वर्गणी काढली, प्राचार्यांनी घर गहाण ठेवलं, तेव्हा कुठे ते कांस्यपदक आलं. वर्गणी काय करू शकते हे बचत गटाला मी काय सांगणार!

आता ॲलिस घरी परत आली. हा भाग मला सांगताना नेहमी जड जातो.

राष्ट्राध्यक्ष ट्रूमन तिला भेटले. मोठमोठ्या लोकांनी मेजवानी दिली. अटलांटा शहरापासून तिच्या गावापर्यंत, 280 किलोमीटर, गाड्यांची मिरवणूक काढली. वाटेतल्या गावांतून लोक रस्त्यावर उभे. आणि गावात पोचल्यावर सभागृहात सत्कार. सभागृहात गोरे एका बाजूला, काळे दुसऱ्या बाजूला. गावचे नगराध्यक्ष गोरे. ते व्यासपीठावर बसले होते, तिच्या सत्काराला. त्यांनी तिच्याशी हात मिळवला नाही. तिला बोलायलाही दिलं नाही. कार्यक्रम संपल्यावर ती ज्या दारानं बाहेर पडली ते बाजूचं दार होतं, पुढचं नाही. राजाच्या हातून पदक घेतलेली बाई स्वतःच्या गावात बाजूच्या दारानं.

काही गोऱ्या लोकांनी तिला भेटी पाठवल्या, पण त्यावर नाव न घालता. शेजाऱ्यांना कळू नये म्हणून. तिनं म्हातारपणी हे सगळं सांगितलं, आणि सांगताना फार कडवटपणा ठेवला नाही. मला एवढं जमलं नसतं.

तेव्हाच तिनं खेळ थांबवला. पंचविशीसुद्धा पुरती झाली नव्हती. एकच ऑलिम्पिक, एकच पदक. मग 1949 ला गृहविज्ञानाची पदवी घेतली, शिक्षिका झाली, मुलांना खेळ शिकवले. लग्न झालं, दोन मुलं झाली, ते लग्न पुढे मोडलं. 1952 मध्ये कोका-कोलानं तिला जाहिरातीत घेतलं, तोपर्यंत असा मान कुठल्या काळ्या खेळाडू बाईला मिळालेला नव्हता. ती म्हणायची की मी हरले असते तर माझ्यामागून काळ्या मुलींना कुणी संधी दिली नसती. केवढं ओझं घेऊन ती काठीकडे पळत गेली असेल! बारा वर्षांनी, 1960 मध्ये, विल्मा रुडॉल्फ नावाच्या काळ्या मुलीनं एकाच ऑलिम्पिकमध्ये तीन सुवर्णं घेतली. ॲलिस 2014 साली नव्वदाव्या वर्षी गेली, त्याच अल्बनी गावात. आता तिथे तिच्या नावाचा रस्ता आहे आणि शाळाही आहे.

तुम्ही म्हणाल, मॅडम, ही तिकडची आणि जुनी गोष्ट. बरं, इकडची आणि ताजी सांगते. 2025 मध्ये आशियाई स्पर्धेत उंच उडीचं सुवर्णपदक भारताच्या पूजा सिंहनं आणलं. 1 मीटर 89. हरियाणातल्या खेड्यातली पोर, अठरा वर्षांची. वडील गवंडी. सुरुवातीला बांबूची काठी लावून आणि पेंढा भरलेल्या पोत्यांवर पडून शिकली. ॲलिसचा बापही गिलावा करणारा, आणि चिंध्यांची दोरी. मध्ये शंभरेक वर्षं गेली, सामान तेच आहे. आपल्याकडेही काठी आहे, पोती आहेत.

आता माझं काम बोलते. शिवणकाम गटाच्या ताई, ऐका. उंच उडीच्या नियमात आखूड चड्डीच हवी असं कुठेही लिहिलेलं नाही. कपडा स्वच्छ हवा, आणि उडी मारताना अडकायला नको हे आपलं आपण बघायचं. गुडघ्याच्या खालपर्यंत येणारी, ताणली जाणारी पँट आणि वर लांब टीशर्ट चालतो. बाजारात ते महाग पडतं आणि मुलींच्या मापाचं मिळत नाही. कमरेला नाडी, वर इलास्टिक, मांडीजवळ जोड दुहेरी शिलाईचा, कारण उसवतो तो तिथेच. शाळेच्या बावीस मुली आहेत. कापडाचे पैसे मी मुख्याध्यापकांशी बोलून शाळेकडून मिळवते, शिलाई तुम्ही ग्रामसंघात ठराव घेऊन ठरवा. फुकट मागत नाही.

आणि शनिवारी सकाळी सात वाजता मी मैदानावर काठी लावणार आहे, 1 मीटरपासून. ज्यांच्या घरी तुसाची नाहीतर पेंढ्याची जुनी पोती असतील त्यांनी शुक्रवारीच शाळेत टाका. मुली पायांवरच उतरणार आहेत, कात्री उडी, पाठीवर पडायचं काम गादी आल्याशिवाय मी कुणाला करू देत नाही, तेव्हा मान मोडेल ही भीती नको. आयांनी बघायला यावं. लांबून नाही, अगदी खड्ड्यापाशी उभं राहून. त्या मुलीच्या आईनंही यावं. मी गेल्या वर्षीचा विषय काढणार नाही, शब्द देते. तालुक्याची स्पर्धा अजून सात आठवड्यांवर आहे आणि फॉर्मवर पालकांची सही लागते, ती आईची चालते.

मापं मी शनिवारीच घेईन म्हणत होते, पण माझ्याकडे टेप आहे तो उड्या मोजायचा, तीस मीटरचा. शिवणकामाचा टेप कुणीतरी आठवणीनं घेऊन या.